मैफल चित्रित करताना कॅमेऱ्याने काय ऐकावे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. एका ज्येष्ठ ख्यालगायिकेवरच्या माहितीपटाचे छायाचित्रण तुमच्याकडे आले आहे. दोन कॅमेरे, एक सहायक आणि बेताचा खर्च एवढ्यावर ते करायचे आहे. त्यांच्या घरच्या बैठकीत चाचणी म्हणून तुम्ही जे चित्रीकरण केले, त्यात फोकस कुठे सुटलेला नाही, रंगही नीट आहेत. तरीही पाहताना ते एखाद्या समारंभाच्या चित्रफितीसारखे वाटते आणि गाण्यात जे घडत होते ते पडद्यावर दिसत नाही. तेव्हा लेन्स बदलाव्यात, तिसरा कॅमेरा भाड्याने घ्यावा की कॅमेरा हातात धरून अधिक हालता ठेवावा, असे तुम्ही विचारले आहे.

या तिन्हींपैकी कशानेही फारसा फरक पडणार नाही, असे माझे मत आहे. तुम्ही केलेल्या वर्णनावरून एवढे कळते की कॅमेरा कुठे न्यायचा हे तुम्ही डोळ्यांनी ठरवत आहात. गायिकेचा हात वर गेला की कॅमेरा हाताकडे जातो, तबल्यावर जोरकस बोल वाजला की तबल्याकडे वळतो आणि दाद आली की श्रोत्यांकडे धावतो. प्रत्येक वेळी तो पोहोचेपर्यंत ती गोष्ट घडून गेलेली असते. ख्यालात पुढे काय येणार याची चाहूल डोळ्यांच्या आधी कानांना लागते. म्हणून मैफलीचे चित्रण करणाऱ्याने चित्राचे निर्णय कानाने घ्यायला शिकले पाहिजे. लेन्स, प्रकाश, संकलन या सगळ्या गोष्टी त्यानंतर येतात.

हे नुसते तत्त्व म्हणून सांगण्यापेक्षा एका तालाच्या आधाराने सांगतो. विलंबित, म्हणजे संथ लयीतला, ख्याल पुष्कळदा एकतालात असतो. त्याच्या मात्रा, म्हणजे तालाचे ठोके, बारा, आणि अतिविलंबित लयीत एक मात्रा चार ते पाच सेकंदांची होते, म्हणजे एक आवर्तन (तालाची एक पूर्ण फेरी) जवळजवळ पाऊण ते एक मिनिट चालते. ठेका, म्हणजे तबल्यावर फिरून फिरून वाजणारे ठरलेले बोल, असा: धिं धिं धागे तिरकिट तू ना कत् ता धागे तिरकिट धी ना. यातल्या पाचव्या ते आठव्या मात्रेपर्यंत डग्ग्याची आस, म्हणजे डाव्या हाताच्या तबल्याचा घुमणारा नाद, ऐकू येत नाही. नवव्या मात्रेच्या ‘धागे’बरोबर ती परत येते आणि तिच्या मागोमाग दहाव्या मात्रेचे तिरकिट येते. तिरकिट चौथ्या मात्रेवरही असतेच, पण त्याच्या आधी डग्गा बंद झालेला नसतो, त्यामुळे थोड्या सवयीने कान दोन्हींतला फरक ओळखू लागतो. दहाव्या मात्रेचे तिरकिट सुरू झाले की समेला, म्हणजे पुढच्या आवर्तनाच्या पहिल्या मात्रेला, तीन मात्रा उरलेल्या असतात. म्हणजे तुमच्या हातात बारा-तेरा सेकंद आहेत. बंदिशीचा मुखडा, म्हणजे समेवर येऊन पोहोचणारा तिचा सुरुवातीचा तुकडा, बहुधा बाराव्या मात्रेच्या आसपास उचलला जातो, आणि गायिका, तबलजी व पेटीवाले एकमेकांकडे पाहतात ते याच वेळी.

तेवढ्या वेळात घाई न करता कॅमेरा वळवता येतो, फोकस बसवता येतो आणि चौकट स्थिर करून समेची वाट पाहता येते. ज्याला ठेका ऐकू येत नाही त्याला ही बारा सेकंदे मिळतच नाहीत. सम आल्यावर दचकून तो कॅमेरा हलवतो आणि ती हालचाल चित्रात दिसते. तुमचे चित्रण समारंभाच्या चित्रफितीसारखे वाटते त्याचे कारण बहुतेक हेच असावे. तीनतालात, विशेषतः मध्य आणि द्रुत लयीत, एवढा अवकाश नसतो. पण तिथेही दहाव्या मात्रेपासून डग्गा थांबतो आणि चौदाव्या मात्रेच्या ‘धिं’बरोबर तो परत येतो, ही खूण पुरेशी असते. झपताल, झुमरा, तिलवाडा या तालांच्याही खुणा अशाच शिकता येतात. माझा आग्रह असा की चित्रीकरण सुरू होण्यापूर्वी काही महिने एखाद्या तबल्याच्या वर्गात मागे बसून हाताने टाळी-खाली (तालातल्या टाळीच्या आणि रिकाम्या सोडायच्या जागा) धरायची सवय लावून घ्यावी. वाजवायला शिकले नाही तरी चालेल. बोलत असताना, चालत असताना मनातल्या मनात मात्रा मोजता आल्या पाहिजेत.

समेविषयी आणखी एक गोष्ट, कारण इथे संकलक आणि छायाचित्रणकार दोघेही एकाच मोहात पडतात. समेवर जोराचा आघात होतो म्हणून नेमका तिथेच शॉट बदलावासा वाटतो. जाहिरातीत किंवा चित्रपटातल्या गाण्यात ते शोभते. ख्यालात मात्र सम हे भेटीचे ठिकाण आहे. गायिका आपला विस्तार गुंफत तिथे येऊन पोहोचते, तबलजी ठेका सांभाळत तिथे आलेला असतो, आणि दोघे एकाच क्षणी पोहोचल्याचे समाधान त्यांच्या चेहऱ्यांवर उमटते. तिथेच शॉट तोडला की प्रेक्षकाला येणारी माणसे दिसतात किंवा पोहोचलेली दिसतात, भेट दिसत नाही. म्हणून बदल करायचा तर मुखड्याच्या आधी करावा, सम एकाच शॉटमध्ये अखंड ठेवावी, आणि समेनंतर दाद, मान डोलणे, तंबोऱ्यावर बसलेल्या शिष्येचा सैल पडलेला श्वास, हे सगळे ओसरेपर्यंत कॅमेरा हलवू नये.

मग उरलेल्या दहा मात्रा काय टिपायचे? याचे उत्तर रागाच्या टप्प्यावर अवलंबून आहे. सुरुवातीच्या आलापीत गायिका एकेक स्वर उलगडत असते आणि तिथे कॅमेऱ्याने जवळजवळ काहीच करू नये. गुडघ्यांपासून डोक्यापर्यंतची, दोन्ही हात मोकळे राहतील अशी चौकट लावून एक पूर्ण आवर्तन तसेच सोडावे. नवख्या माणसाला चेहऱ्याचा निकटशॉट घेण्याची ओढ असते. पण ख्याल गाणाऱ्याचे हात गाण्याचा आकार काढत असतात आणि ते कापले की अर्धे गाणे कापले जाते. पंडित भीमसेन जोशींच्या मैफलींची जुनी चित्रणे पाहिलीत तर तानेचा वेग, तिचे वळण आणि तिचा शेवट त्यांच्या हातांत आणि खांद्यांत कसा दिसतो ते लक्षात येईल. चेहऱ्याजवळ जायचे ते एखाद्या स्वरावर दीर्घ ठहराव असतो तेव्हा, आणि तेही स्वर लागण्यापूर्वीच तिथे पोहोचून.

बोलआलाप, बोलतान (बंदिशीचे शब्द घेऊन केलेले आलाप आणि ताना) आणि तान सुरू झाल्यावर लक्ष साथीदारांकडे न्यावे. पेटीवाला गायिकेच्या मागे सावलीसारखा चालत असतो. नुकतीच गायलेली जागा त्याच्या बोटांत उतरताना त्याचा चेहरा आधी बदलतो आणि बोटे नंतर हलतात. तबलजी तान ऐकत असताना ती कुठे संपेल याचा अंदाज बांधत असतो. मागे तंबोरा धरून बसलेल्या शिष्या तर माहितीपटासाठी फार मोलाच्या असतात, कारण परंपरा पुढे जाताना तिथे प्रत्यक्ष दिसते. गुरूने एखादी ओळ मधेच सोडली आणि शिष्येने ती उचलली, तर कॅमेरा शिष्येकडे वळवण्याऐवजी ती ओळ ऐकणाऱ्या गुरूच्या चेहऱ्यावर ठेवून पाहा. मैफलीत कुणी गात-वाजवत असते तेव्हा बाकीचे ऐकत असतात, आणि चित्रात ऐकणे दाखवता आले की गाणेही आपोआप दिसू लागते.

दोन कॅमेऱ्यांची वाटणी मी अशी करीन. एक कॅमेरा सगळे कलाकार मावतील अशा चौकटीत स्थिर लावून सोडून द्यावा, सहायकाने त्याचे कार्ड आणि बॅटरी तेवढी सांभाळावी. दुसरा तुमच्या हातात. पहिला कॅमेरा सलग चालू असल्याची खात्री असली की दुसऱ्याने धीर धरता येतो. मैफलीत कलाकार जमिनीवर बसतात, त्यामुळे त्यांची नजर बैठकीपासून पाऊण मीटरच्या आसपास असते; कॅमेरा उभ्या माणसाच्या उंचीवर लावला तर सगळेच खाली वाकलेले आणि लहान दिसतात. बुटक्या पायांचा ट्रायपॉड घ्यावा आणि स्वतःही जमिनीवर बसावे. माइकचा दांडा ओठांवर येत असेल तर कॅमेरा थोडा बाजूला सरकवावा आणि ध्वनीवाल्याला विचारून माइक थोडा खाली घेता येतो का ते पाहावे. गायिकेला मात्र तिच्या सवयीच्या माइकपासून हलवू नये. एकदा जागा घेतली की बैठक संपेपर्यंत उठू नये. गाणाऱ्याच्या नजरेच्या टप्प्यात कोणी उठबस केली की तिचे चित्त मोडते, आणि जे टिपण्यासाठी आपण आलो तेच नाहीसे होते.

लेन्सविषयी थोडेच सांगतो. घरच्या बैठकीत ३५ आणि ८५ मिलिमीटरच्या लेन्सवर सगळे काम होते, सभागृहात ७०-२०० ची झूम लागते. आपल्याकडे विजेची वारंवारता ५० हर्ट्झ आहे, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवावे. २४ फ्रेमवर काम करायचे असेल तर शटरचा कोन १७२.८ अंश केला की तोच वेग मिळतो आणि दिव्यांची थरथर टळते. काही स्वस्त एलईडी दिवे तरीही लुकलुकतात, तेव्हा दिवे लावून आधी पाच मिनिटे चाचणी घ्यावी. महोत्सवाच्या मंचावर जांभळे-निळे दिवे असतील तर प्रकाशयोजना सांभाळणाऱ्याला भेटून कलाकारांच्या चेहऱ्यांवर पांढरा प्रकाश ठेवण्याची विनंती करावी. नम्रपणे आणि कार्यक्रमाच्या आधी विचारले तर बहुतेक जण ऐकतात.

ध्वनीविषयी मात्र विस्ताराने लिहिणे भाग आहे, कारण संगीतावरच्या माहितीपटाची खरी हानी इथेच होते. कॅमेऱ्यातली किंवा रेकॉर्डरमधली स्वयंचलित पातळी, म्हणजे ऑटो गेन, सर्वात आधी बंद करावी. गायिका थांबली की ही यंत्रणा पातळी वाढवते, तंबोरे अचानक मोठे होतात, आणि गाणे पुन्हा सुरू झाले की ते दबतात. तंबोऱ्यांचा नाद संपूर्ण मैफलभर एकसारखा टिकणे हाच रागाचा पाया असतो. तो असा वर-खाली झाला तर ऐकणाऱ्याला कारण कळत नाही, पण काहीतरी बिघडले आहे एवढे नक्की जाणवते. संकलनाच्या वेळी आवाज ‘स्वच्छ’ करणारी सॉफ्टवेअर याहून धोकादायक आहेत. सतत चालणारा एकसारखा आवाज म्हणजे गोंगाट, असे त्यांचे गणित असते, आणि तंबोरा नेमका तसाच असतो. पंख्याची घरघर काढताना ती जवारीचे, म्हणजे घोडीवर थरथरणाऱ्या तारेच्या झणत्काराचे, स्वर खाऊन टाकतात. पंखा कार्यक्रमापूर्वी बंद करणे हाच त्यावरचा उपाय आहे. त्यासाठी यजमानांची आणि श्रोत्यांची संमती आधी घ्यावी.

सभागृहात ध्वनीफलकावरून थेट जोडणी मिळते, पण ती सभागृहासाठी मिसळलेली असते, म्हणून शक्य असल्यास प्रत्येक माइकची स्वतंत्र, फेडरच्या (फलकावर आवाज कमी-जास्त करणाऱ्या सरकत्या कळीच्या) आधीची जोडणी मागावी. ती मिळाली तरी सभागृहात दोन माइकची एक जोडी वेगळी लावावीच, कारण दाद, खोकला, पडदा, भिंती या सगळ्यांसह ती जागा फलकाच्या जोडणीत कधीच येत नाही. तंबोऱ्याजवळ एक स्वतंत्र माइक असावा. मुद्रण ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर करावे, सरासरी पातळी उणे १८ ते उणे २० डेसिबलच्या दरम्यान ठेवावी. द्रुत लयीत तबला आणि तारसप्तकातली तान एकत्र आली की पातळी किती उसळेल याचा अंदाज पहिल्या अर्ध्या तासात येत नाही. ३२ बिट फ्लोटचा रेकॉर्डर असेल तर ही चिंता बरीच कमी होते.

चित्र आणि ध्वनी जुळवतानाही कान लागतो. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो आणि २५ फ्रेमच्या चित्रणात एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची असते. म्हणजे मंचापासून १४ मीटर दूर असलेल्या कॅमेऱ्याच्या माइकला तबल्याचा बोल एक फ्रेम उशिरा ऐकू येतो. संगणकाने दोन ध्वनिलहरी आपोआप जुळवल्या तर तो ही चूक तशीच ठेवतो, आणि बोट चाटीवर, म्हणजे तबल्याच्या कडेवर, पडून गेल्यावर ‘ना’ ऐकू येतो. गाणाऱ्याच्या ओठांवर एक फ्रेम खपून जाते, तबलजीच्या बोटांवर खपत नाही. म्हणून जुळणी तबल्याच्या एखाद्या स्पष्ट आघातावर डोळ्यांनी पाहून पक्की करावी. दोन-तीन तासांच्या मैफलीत कॅमेरा आणि रेकॉर्डर यांची घड्याळे थोडी थोडी एकमेकांपासून सरकतात, तेव्हा टाइमकोडची (दोन्ही यंत्रांवर एकच वेळ नोंदवण्याची) सोय नसेल तर सुरुवातीला, मध्यंतरानंतर आणि शेवटी अशी जुळणी करावी लागते.

वाद्ये जुळवण्याच्या वेळेकडे तुम्ही दुर्लक्ष केले असल्याचे तुमच्या वर्णनावरून वाटते, कारण त्याचा उल्लेखच तुमच्या प्रश्नात नाही. ती वेळ तयारीसाठी राखून न ठेवता तिचे चित्रीकरण करावे. जवारीसाठी तारेखाली घोडीवर सूत सरकवताना, खुंटी किंचित पिळताना आणि मणी हलवताना गायिका कशाची वाट पाहत असते ते त्या वेळच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसते. दोन तंबोरे एकमेकांत मिसळले की खोलीतले सगळेच लोक नकळत शांत होतात. इथे एक सावधगिरी आवश्यक आहे. वाद्ये उष्णतेला आणि दमटपणाला फार हळवी असतात. वातानुकूलनाचा थंड झोत तंबोऱ्यावर आला किंवा जुन्या पद्धतीचे तापणारे दिवे तबल्याजवळ लावले की तारा आणि पुडी (तबल्याचे कातडे) दोन्ही सुरातून हलतात. एलईडी दिव्यांचा सर्वात मोठा उपकार हाच आहे की ते तबला तापवत नाहीत. दिवे आणि वातानुकूलन जुळवणी सुरू होण्याच्या आधीच ठरवून टाकावे आणि नंतर त्यांना हात लावू नये.

तुमच्या चित्रपटात वाद्यांच्या घडणीचा भाग येणार असेल तर मिरजेला अवश्य जा. तिथल्या सतार आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले आहे. घोडीवर कानस फिरवत जवारी काढणारा कारागीर दर दोन-तीन घासांनंतर तार छेडून ऐकतो, आणि त्याचे ऐकणे गवयाच्या ऐकण्याइतकेच बारीक असते. तिथेही कॅमेरा कानशीवर न ठेवता ऐकणाऱ्या चेहऱ्यावर ठेवावा.

वादकांचे चित्रण करताना प्रत्येक वाद्यात कोणता हात ‘गातो’ हे आधी माहीत असावे. सारंगीत गज धरलेला उजवा हात डोळ्यांत भरतो, पण स्वर डाव्या हाताच्या नखांच्या मुळाशी, कातडीला तार भिडवून काढले जातात. सतारीत नखीचा उजवा हात वेगवान दिसतो, परंतु सतारीच्या दांडीवरच्या पडद्यावर तार ओढून घेतलेली मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर सरकत जाणे, डाव्या हातात असते. पखवाजाच्या डाव्या पुडीला कणीक लावून ती थापताना वादक नाद ऐकत ऐकत तिचे प्रमाण ठरवतो, आणि तो एकच शॉट वाद्याविषयीच्या लांबलचक निवेदनापेक्षा अधिक सांगून जातो.

वेळेचाही विचार करायला हवा. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनुसार रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेत उघड्यावर ध्वनिवर्धकांना बंदी आहे आणि राज्य सरकारला वर्षातले मोजकेच दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देता येते. पुण्याचा सवाई गंधर्व महोत्सव १९५३ मध्ये सुरू झाला तेव्हापासून कितीतरी वर्षे श्रोत्यांनी रात्र रात्र जागून गाणे ऐकले; आता उत्तररात्रीचे आणि पहाटेचे राग त्यांच्या वेळेवर मोठ्या मंचावर क्वचितच ऐकायला मिळतात. म्हणून तुमच्या गायिकेचा ललतसारखा पहाटेचा राग हवा असेल तर त्यांच्या घरी, दिवस उजाडताना, ध्वनिवर्धकाशिवाय बैठक ठेवण्याची विनंती करा. खिडकीतून हळूहळू वाढणारा उजेड कृत्रिम दिव्यांनी भरून काढू नका; आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची प्रकाशसंवेदनशीलता, वाढवून थोडे दाणेदार चित्र आले तरी ते सोसावे, पण तासाभरात बदलत जाणारा तो उजेड रागाच्या वेळेचा पुरावा आहे. मोठ्या महोत्सवात काम करायचे असेल तर आयोजकांची लेखी परवानगी, कॅमेऱ्याची ठरलेली जागा आणि छायाचित्रकारांसाठीचे नियम आधी समजून घ्यावेत. तिथल्या मोठ्या पडद्यांसाठी अनेक कॅमेरे लावलेले असतात. त्यांच्याशी स्पर्धा न करता कलाकारांची खोली, जुळवणी, मंचावर जाण्यापूर्वीची मिनिटे आणि मागच्या रांगेत मांडी घालून ताल धरणारे श्रोते, अशा जागा निवडाव्यात.

शॉट किती लांब असावा, हा प्रश्न तुम्ही विचारलेला नाही, तरी तो इथेच येतो. फिल्मच्या काळात १६ मिलिमीटरचे ४०० फुटी रीळ सुमारे अकरा मिनिटांत संपत असे. चाळीस मिनिटांचा बडा (विलंबित) ख्याल त्यात मावणे शक्यच नव्हते, त्यामुळे कॅमेरा कधी चालू करायचा हे ठरवण्यासाठी छायाचित्रणकाराला गाणे समजणे सक्तीचेच होते. आज १०० मेगाबिटच्या चित्रणाला तासाला ४५ जीबी जागा पुरते आणि कॅमेरा बंद करण्याची गरज उरलेली नाही. ही मोठी सोय आहे, पण तिच्यामुळे निवड संकलनावर ढकलण्याची सवय लागते. माझे सांगणे असे की कॅमेरा सलग चालू ठेवावा, परंतु प्रत्येक आवर्तन हा एक शॉट समजून काम करावे. काही जुने स्थिरचित्रण कॅमेरे २९ मिनिटे ५९ सेकंदांनी चित्रण थांबवतात. तुमच्याकडचा स्थिर कॅमेरा तसा नाही ना, हे मैफलीपूर्वी तपासून घ्या.

संकलनात छायाचित्रणकाराने बसलेच पाहिजे. चाळीस मिनिटांचा ख्याल चित्रपटात सहा-सात मिनिटांचा करावा लागतो आणि तिथे रागाची मोडतोड होते. मैफलीत लय हळूहळू वाढत जाते, त्यामुळे दहाव्या मिनिटाचे आवर्तन पंचविसाव्या मिनिटाच्या आवर्तनाला जोडले की ठेका ठेच लागल्यासारखा पुढे उडी घेतो. तोडायचेच असेल तर लगतच्या, सारख्या लयीच्या आवर्तनांत, समेपासून समेपर्यंतचे पूर्ण आवर्तन काढावे. नाही तर गाणे उघडपणे थांबवून, मध्ये दुसरा प्रसंग घालून, पुढच्या टप्प्यावर परत यावे. मला दुसरा मार्ग अधिक प्रामाणिक वाटतो. श्रोत्यांच्या दादेचे शॉट तर त्याच जागेचे असावेत. एका तानेवर आलेली ‘वा!’ दुसऱ्याच तानेला चिकटवली तर जाणकाराला ते लगेच कळते, आणि न कळणाऱ्यालाही आपण खोटी साक्ष दिलेली असते.

मुलाखती मैफलीच्या लगेच नंतर घेऊ नका. गाऊन उठलेल्या माणसाला बोलण्याची इच्छा नसते आणि गळ्यालाही विश्रांती हवी असते. दुसऱ्या दिवशी, तंबोरा जवळ असताना, त्यांच्या सवयीच्या जागेवर बसून बोलावे. एखादी बंदिश त्यांना कशी मिळाली हे विचारले की बहुतेक कलाकार सांगता सांगता गुणगुणू लागतात, आणि तसे व्हावे म्हणूनच तंबोरा जवळ हवा. कपड्यावर लावलेला छोटा माइक रेशमी साडीत सतत सळसळतो, म्हणून तो पदराखाली न लावता चौकटीच्या वर टांगलेला माइक वापरावा. वय झालेल्या कलाकारांना एकाच आसनात फार वेळ बसवू नये; दिवे तयार झाल्यानंतरच त्यांना बोलवावे आणि प्रकाश जुळवण्यासाठी त्यांच्या जागी सहायकाला बसवावे.

रियाज आणि तालीम यांचे चित्रीकरण हा सर्वात नाजूक भाग आहे. मैफलीत कलाकार तयार झालेले गाणे मांडतो, रियाजात मात्र न जमलेल्या जागांशी झगडतो. शिवाय एखाद्या घराण्यातल्या बंदिशी सर्वांसमोर येऊ नयेत अशी गुरूची इच्छा असू शकते. म्हणून पहिले काही दिवस कॅमेरा न काढता नुसते बसावे, ऐकावे, आणि नंतर काय टिपायचे व काय नाही हे त्यांनाच विचारावे. त्यांनी मागाहून एखादा भाग वगळायला सांगितला तर तो वगळला जाईल, असे आधीच लिहून द्यावे. यात केवळ सौजन्य नाही, कायदाही आहे. १९५७ च्या प्रताधिकार कायद्यात १९९४ च्या दुरुस्तीने सादरकर्त्यांचे हक्क आले; कलम ३८ नुसार ते पन्नास वर्षे टिकतात, आणि २०१२ च्या दुरुस्तीने आपले नाव दिले जावे व आपल्या सादरीकरणाची विकृती होऊ नये हा हक्कही सादरकर्त्याला मिळाला. हे हक्क मुख्य गायिकेइतकेच तबलजीचे, पेटीवाल्याचे आणि स्वरसाथ करणाऱ्या शिष्यांचेही आहेत. संमतिपत्र सगळ्यांचे घ्यावे, मराठीत घ्यावे आणि चित्रण कुठे कुठे दाखवले जाणार आहे ते त्यात स्पष्ट लिहावे. प्रत्येक मैफलीच्या फायलींना तारीख, ठिकाण, राग, ताल, बंदिशीचा मुखडा आणि सर्व कलाकारांची नावे त्याच रात्री द्यावीत, कारण पुढे ती कुणाला आठवत नाहीत; दोन प्रती दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात, आणि चित्रपटात न वापरलेल्या भागासह संपूर्ण मैफलीची एक प्रत गायिकेच्या घरी पोहोचवावी.